तालुक्याएवढं पुस्तक: प्रादेशिक पाककृती लिहिणारा शेफ व्हायचं असेल तर

हॉटेलच्या स्वयंपाकघरात वर्षानुवर्षं राबलेला शेफ आपल्या भागातल्या पदार्थांचं पुस्तक लिहायला बसतो, तेव्हा पहिली अडचण त्याच्या हाताचीच असते. हाताला कांदा-टोमॅटोच्या तयार ग्रेव्हीची, काजूच्या पेस्टची आणि शेवटी भुरभुरायच्या कसुरी मेथीची सवय लागलेली असते. दोनशे ताटं एकसारखी काढायला ती सवय कामाची. पण त्याच हाताने कुळथाची पिठी, खानदेशी शेवभाजी आणि मराठवाड्यातली येसर आमटी लिहिली की तिन्ही एकाच पातेल्यातून ओतल्यासारख्या वाटतात. अशी पुस्तकं बाजारात खूप आहेत. मुखपृष्ठावर नऊवारीतली बाई, आत शंभर पदार्थ, आणि कुठला पदार्थ कुठल्या गावचा, कुठल्या घरचा, कुठल्या महिन्यातला याचा पत्ता नाही.

या वाटेला लागायचं असेल तर काय, कोणत्या क्रमाने करावं ते इथे सांगतो. माझं मत आधीच सांगून टाकतो: प्रदेश जितका लहान, तितकं पुस्तक चांगलं. आणि या कामात रांधण्यापेक्षा विचारपूस आणि वजनकाटा यांतच जास्त वेळ जातो. ज्याला त्याचा कंटाळा आहे त्याने रेस्टॉरंट काढावं, पुस्तक लिहू नये.

पदवीचा प्रश्न पहिल्यांदा विचारला जातो, म्हणून दोन वाक्यांत उरकतो. मुंबईत दादरला हॉटेल मॅनेजमेंटची, १९५४ साली स्थापन झालेली सरकारी संस्था आहे, अशा ठिकाणी शिकलात तर प्रमाण, स्वच्छता आणि खर्चाचा हिशेब यांची शिस्त लागते. पण मराठी घराघरांत गेलेलं ‘रुचिरा’ १९७० साली आलं ते कमलाबाई ओगले या गृहिणीकडून, आणि त्यातली वाटी-चमच्याची मापं वापरून दोन पिढ्या स्वयंपाक शिकल्या.

आधी शीव आखा

‘महाराष्ट्र’ हा एका पुस्तकाचा विषय होत नाही. ‘कोकण’सुद्धा मोठाच पडतो. डहाणूकडचा वारली पाड्यावरचा स्वयंपाक, अलिबागेकडचं आगरी-कोळी कालवण आणि वेंगुर्ल्याचं तिरफळ घातलेलं बांगड्याचं तिखलं एका प्रकरणात बसवायला गेलात की तिघांनाही न्याय मिळत नाही.

शीव कुठे आखायची हे ठरवायला मी तीन प्रश्न विचारतो. रोजचं धान्य कोणतं? आंबटपणा कशाने आणतात? फोडणी कुठल्या तेलाची? सिंधुदुर्गात उत्तर येतं तांदूळ, कोकम आणि जोडीला सढळ नारळ. मराठवाड्याच्या बऱ्याच भागात ज्वारी, चिंच आणि जुन्या माणसांच्या आठवणीत करडईचं तेल. पूर्व विदर्भात पुन्हा तांदूळ लागतो, पण तेलाचं विचारलंत तर जवसाच्या तेलाच्या गोष्टी निघतात. तीनपैकी दोन उत्तरं बदलली की तुम्ही पुस्तकाची शीव ओलांडलीत असं समजा. सरकारी जिल्ह्याच्या रेषेशी याचा फारसा संबंध नसतो. नदी, घाट आणि आठवड्याचा बाजार जास्त खरं सांगतात.

दुसरी कसोटी पायाची. सकाळच्या एसटीने निघून, एका घरी पूर्ण स्वयंपाक बघून रात्री परत येता यावं, एवढाच प्रदेश घ्या. कारण त्याच घरी पुन्हा पुन्हा जायचं आहे.

शीव आखली म्हणजे आतला स्वयंपाक एकच झाला असंही नाही. एका तालुक्यात देशस्थांचं ताट वेगळं, मराठा घरातलं वेगळं, मुसलमान घरातलं वेगळं, बौद्ध वस्तीतलं वेगळं. औरंगाबादचा (आताच्या छत्रपती संभाजीनगरचा) नान-कलिया आणि त्याच शहरातली येसर आमटी यांत ‘खरं’ कोण हा प्रश्नच चुकीचा. मराठीत पाककृतींची पुस्तकं बराच काळ मोजक्या जातींच्या स्वयंपाकघरांतून लिहिली गेली. शाहू पाटोळे यांचं ‘अन्न हे अपूर्णब्रह्म’ २०१५ मध्ये आलं आणि मराठवाड्यातल्या महार-मांग समाजाच्या खाण्याची नोंद त्यात पहिल्यांदा नीट वाचायला मिळाली. तुमच्या शिवेत कुणाची चूल लिहायची राहून जातेय, हे यादी करतानाच तपासा. एखाद्याच समाजाचं लिहायचं असेल तर जरूर लिहा, पण मुखपृष्ठावर तसं स्पष्ट छापा. ‘अस्सल’ हा शब्द मात्र मुखपृष्ठावर घालू नका. शेजारचं गाव लगेच भांडायला येतं, आणि बहुतेक वेळा त्याचं बरोबर असतं.

घराबाहेरचं वाचनही याच वेळी करून घ्या. ब्रिटिश काळातली जिल्हा गॅझेटियर उपयोगी पडतात. खानदेशाचा आणि रत्नागिरी-सावंतवाडीचा, दोन्ही खंड १८८० चे आहेत. त्यांत पाककृती नाहीत, पण कुठे काय पिकत होतं आणि कोण काय खात होतं हे आहे. आज जी गोष्ट ‘पूर्वापार’ म्हणून सांगितली जाते ती तेव्हा तिथे पिकत तरी होती का, एवढं त्यातून पडताळता येतं.

बारा महिन्यांचं वेळापत्रक

घाईची पुस्तकं इथे उघडी पडतात. पदार्थांची यादी अक्षरांच्या क्रमाने न करता महिन्यांच्या क्रमाने करा आणि कुठल्या महिन्यात कुठे असायला हवं ते त्यावरून ठरवा.

मार्च ते मे हा काळ सर्वांत गर्दीचा. सुक्या मिरच्या बाजारात येतात, डंकावर मसाले कुटले जातात, गच्चीवर कुरडया, सांडगे, पापड असतात, कोकमं वाळतात, फणस कापले जातात. वर्षभराच्या चवीचा पाया याच तीन महिन्यांत घातला जातो, त्यामुळे मसाल्याचं प्रकरण उन्हाळ्यात नाही झालं तर पुढच्या उन्हाळ्यापर्यंत थांबायचं. किनाऱ्यावरचं पुस्तक असेल तर १ जून ते ३१ जुलै यांत्रिक मासेमारीला बंदी असते. त्या दोन महिन्यांत ताज्या पापलेटचे फोटो काढायला जाऊ नका, घरोघरी सुकट, सोडे आणि सुके बोंबील कसे पुरवून खातात ते टिपा. ते प्रकरण ताज्या मासळीच्या प्रकरणापेक्षा जास्त वाचनीय होईल.

पावसाची पहिली सर पडली की रानभाज्या. शेवळं तर काही आठवड्यांचीच पाहुणी. श्रावण-भाद्रपदात सणाचं गोडधोड आणि हळदीच्या पानातल्या पातोळ्या. थंडीत हुरडा, भरीत, ओला हरभरा, तीळगूळ. मधे लग्नसराई, जत्रा, उरूस. बाराव्याच्या जेवणाचंही विचारा. संकोच वाटतो, पण कुठला पदार्थ शुभ कार्यात वर्ज्य आणि का, हे तिथेच कळतं.

एक वर्ष किमान. दोन मिळाली तर पहिल्या वर्षी निसटलेलं दुसऱ्या वर्षी हाती लागतं.

घरात शिरताना

चांगलं करणारी माणसं शोधायची तर गावातल्या ‘प्रसिद्ध’ नावांच्या मागे लागू नका. ती माणसं मुलाखतीला सरावलेली असतात. पिठाच्या गिरणीत विचारा, डंकवाल्याला विचारा, कुणाचं दळण आणि कुणाचा मसाला वेगळा असतो ते त्यांना ठाऊक असतं. बचत गटाच्या ताई, अंगणवाडी सेविका, जत्रेला हजार माणसांचं जेवण उठवणारे आचारी ही पुढची पायरी.

‘रेसिपी सांगा’ असं विचारलंत तर मावशी पाठ केलेलं सांगतील: ‘काही नाही हो, कांदा भाजायचा, खोबरं भाजायचं, वाटायचं.’ त्याऐवजी त्यांच्या वेळेला, त्यांच्या घरचं रोजचं जेवण होताना तिथे बसू द्या अशी विनंती करा. भाजी चिरण्यापासून बसा, पातेलं चुलीवर चढल्यावर पोहोचून उपयोग नाही. आणि हात थांबवू नका. ‘थांबा, मिठाचं वजन करतो’ म्हणालात की हात अवघडतो आणि पदार्थ बिघडतो. सोपी युक्ती अशी: स्वयंपाक सुरू होण्याआधी मिठाचा डबा, मसाल्याचा डबा, तेलाची बाटली, पिठाचं भांडं यांची वजनं घेऊन ठेवा, झाल्यावर पुन्हा घ्या. दोन्हींमधला फरक म्हणजे नेमकं प्रमाण. एक ग्रॅमपर्यंत दाखवणारा साधा काटा आणि मसाल्यांसाठी दशांश ग्रॅमचा छोटा काटा, एवढी सामग्री पुरते.

प्रश्न विचारायचेच तर पदार्थाच्या कडेने विचारा. सासरी आल्यावर माहेरची कुठली सवय सोडावी लागली? ऐनवेळी दोन पाहुणे वाढले तर यात काय वाढवता? घरात आजारी माणूस असलं तर काय वगळता? टंचाईच्या वर्षी याच पदार्थात काय नव्हतं? पहिल्या प्रश्नातून शिवेपलीकडच्या चवी कशा आत आल्या ते कळतं, शेवटच्यातून पदार्थाचा सांगाडा कळतो, म्हणजे काय काढलं तरी तो पदार्थ राहतो आणि काय काढलं की राहत नाही. पुस्तकात पर्यायी साहित्य सुचवताना हीच माहिती लागते.

आणखी एक, आणि याबाबत मी हट्टी आहे. जिच्या घरी शिकलात तिचं नाव पाककृतीच्या खालीच छापा, तिने नको म्हटलं नाही तर. पुस्तकाच्या शेवटी ऋणनिर्देशात चाळीस नावांच्या रांगेत घालणं म्हणजे नाव न घेण्यासारखंच. तिचा दिवस मोडला त्याचे पैसे द्या. साहित्य तर तुमच्याच खर्चाने. फोटो आणि नाव छापायची परवानगी आधी तोंडी विचारा आणि मग साध्या मराठीत चार ओळींच्या कागदावर घ्या. काही कुटुंबांत मसाल्याचं प्रमाण हेच विक्रीचं भांडवल असतं. ते छापू नका म्हणाले तर छापू नका.

त्याच रात्री वही पूर्ण करा. दोन दिवसांनी ‘मंद आच’ म्हणजे किती मंद हे आठवत नाही.

वाटी, मूठ आणि पायली

मापाचं प्रकरण किचकट आहे, आणि पुस्तक त्यावरच उभं राहतं किंवा पडतं.

घरोघरच्या वाट्या सारख्या नसतात. आमटीची वाटी, वरणाची वाटी, मुलाची वाटी. पाणी भरून मोजलंत तर एकीत दुसरीच्या जवळजवळ दुप्पट मावतं. म्हणून पुस्तकाच्या पहिल्या पानावर तुमची वाटी किती मिलीलिटरची ते सांगा, आणि साहित्यात ग्रॅम आणि वाटी दोन्ही द्या. छोटा चमचा ५ मिली, मोठा १५ मिली, हे पक्कं. पिठाला वजनच हवं, कारण चाळलेलं पीठ आणि दाबून भरलेलं पीठ यांत भाकरी बिघडण्याएवढा फरक पडतो. मूठ, चिमूट, बोटभर गूळ ही मापं काढून टाकू नका. ज्या हाताची मूठ, त्या हाताने पाचेक वेळा तेच घ्यायला सांगा, सगळी वजनं घ्या, आणि ‘एक मूठ (साधारण इतके ग्रॅम)’ असं लिहा.

जुन्या वह्या हाती आल्या तर तिथे वेगळा सापळा असतो. दशमान वजनं १९६० च्या दशकाच्या सुरुवातीला सक्तीची झाली, त्याआधीच्या वहीतला तोळा ११.६६ ग्रॅमचा आहे आणि ८० तोळ्यांचा शेर सुमारे ९३३ ग्रॅमचा. म्हणजे आजीच्या वहीतलं ‘पावशेर’ सुमारे २३३ ग्रॅम, आणि आज भाजीवाल्याकडे मागतो ते पावशेर २५० ग्रॅम. मसाल्यात दहा पदार्थ असे थोडेथोडे सरकले की चव सरकते. धान्याची मापं तर वजनाची नव्हेतच, आकारमानाची: २ चिपट्यांचं मापटं, २ मापट्यांचा शेर, ४ शेरांची पायली. त्यातही पायली गावागणिक लहानमोठी. त्या घरात जुनं मापटं असेल तर तांदूळ भरून तेच वजन करा, कोष्टकावर विसंबू नका.

एक पदार्थ पूर्ण घेऊन दाखवतो. जळगावकडचं भरीत. वांगं मोठं, फिकट हिरवं. जळगावच्या भरीताच्या वांग्याला भौगोलिक मानांकनही आहे. थंडीत शेतावर कपाशीच्या वाळलेल्या पऱ्हाट्यांच्या जाळावर ती वांगी भाजतात, सोलतात, लाकडी बडगीत ठेचतात; हिरवी मिरची, लसूण, कांद्याची पात, शेंगदाणे आणि सढळ तेल. सोबत ज्वारी आणि उडीद एकत्र दळलेल्या कळण्याची भाकरी किंवा पुरी. हे शेताच्या कडेला उभं राहून बघताना वहीत काय यायला हवं? वांग्यांचं कच्चं वजन आणि नगांची संख्या. भाजून, सोलून उरलेलं वजन. सुटलेलं पाणी टाकलं की ठेवलं. मिरची नगावर मोजली की वजनावर, ती भाजली, तळली की कच्चीच ठेचली. लसूण सोललेला की सालासकट. पात फोडणीत गेली की वरून कच्ची. तेल किती, आणि ते भरीतात मुरलं की वर तरंगलं. जाळ किती वेळ, वांगी किती वेळा फिरवली.

मग खरं कोडं सुरू होतं, कारण पंगतीचं भरीत पंचवीस किलो वांग्यांचं असतं आणि वाचकाच्या घरी माणसं चार. सरळ भागाकार करून चालत नाही. मोठ्या कढईत पाणी हळू उडतं, छोट्या कढईत झटकन; फोडणीचं तेलही त्याच हिशेबाने उतरत नाही, थोड्या भरीताला तुलनेने जास्त लागतं. म्हणून वीस-पंचवीस किलोच्या नोंदीवरून आधी दोन किलोचं करून बघायचं, मग अर्ध्या किलोचं, आणि प्रत्येक टप्प्यावर ज्या घरी शिकलात तिथल्या कुणाला तरी चाखवायचं. शहरातल्या वाचकाला गॅसच्या शेगडीची रीत द्या, जांभळं भरताचं वांगं चालेल असं सांगा, आणि चव तीच येणार नाही हेही त्याच ओळीत सांगा. पऱ्हाट्यांच्या धुराला पर्याय म्हणून कोळशावर तूप घालून वाटीत ठेवायची हॉटेली युक्ती इथे घुसडू नका. ती दुसऱ्या स्वयंपाकाची चव आहे.

चाचणी: करणारा वेगळा, बघणारा वेगळा

तुम्ही स्वतः करून बघितलेला पदार्थ तपासलेला नसतो. तुमचा हात कागदावर नसलेल्या दहा गोष्टी आपोआप करतो. मसुदा छापून अशा माणसाच्या हातात द्या ज्याला जेमतेम वरण-भात येतो, आणि तुम्ही तोंडाला कुलूप लावून ओट्यापाशी उभे राहा. तो जिथे अडखळून तुमच्याकडे बघेल तिथे पेन्सिलीने खूण करा. बहुतेक खुणा ‘परतून घ्या’, ‘शिजल्यावर’ आणि ‘चवीनुसार’ या तीन जागांवर पडतील.

तांदळाच्या पदार्थांत नवा-जुना तांदूळ दोन्ही वापरून बघा, जुन्याला पाणी जास्त लागतं. भाकरीला पीठ ताजं दळलेलं की महिन्याचं याने फरक पडतो, तो लिहा. तिखटात कुठली मिरची ते नावानिशी: बेडगी रंग देते, लवंगी जाळ करते, संकेश्वरीचा स्वाद वेगळा. ‘लाल तिखट २ चमचे’ एवढंच लिहिणाऱ्या पुस्तकाने मालवणी, कोल्हापुरी आणि सावजी रस्सा एकच करून ठेवला म्हणून समजा.

काही पदार्थांत चाचणीचा संबंध चवीपुरता नसतो. शेवळं नीट सोलून, काकडं हे रानफळ किंवा चिंच-कोकमासारखं आंबट घालून शिजवली नाहीत तर घसा खाजतो, अळूचंही तेच. रानभाजीचा नुसता शिजलेला फोटो छापू नका. पान, देठ, फूल, आणि तिच्यासारखी दिसणारी पण खायची नाही अशी वनस्पती असेल तर तीही ओळखता आली पाहिजे, आणि ओळख जाणकाराकडून, शक्य तर वनस्पतिशास्त्राच्या प्राध्यापकाकडून तपासून घ्या. पूर्व विदर्भावर लिहिताना लाखोळी डाळ टाळता येणार नाही. पण तीच मुख्य अन्न म्हणून दीर्घकाळ खाल्ल्यास पाय लुळे पाडणारा लॅथिरिझम होऊ शकतो, ही ओळ त्या पाककृतीच्या पानावरच हवी.

लिहिण्याची रीत

क्रियापद एकदा ठरवा. ‘घ्यावे, करावे’ ही जुनी रीत की ‘घ्या, करा’ ही आजची, काहीही चालेल, पण एकाच पाककृतीत दोन्ही नकोत. साहित्य वापराच्या क्रमाने लिहा. आदल्या रात्री भिजवायचं काही असेल तर ते सगळ्यात वर, ठळक. किती माणसांचं, आणि ‘चार माणसं’ म्हणजे भाकरीसोबत की भातासोबत, हेही.

मिनिटांवर भरवसा ठेवू नका, खुणा द्या. खोबरं कुठल्या रंगापर्यंत भाजायचं, फोडणीत मोहरी तडतडून थांबल्यावर लसूण घालायचा की तडतडतानाच, पाक एकतारी झाला हे बोटांत कसं कळतं, पिठल्याला बुडबुडे कसे येतात. मराठीत यासाठी शब्दांची चंगळ आहे: दरदरीत, रवाळ, सरसरीत, घट्टसर, लपथपीत. ते नेमके वापरलेत तर फोटोंची निम्मी गरज संपते. ‘खमंग’ मात्र जपून. प्रत्येक पानावर आला की वास जातो.

स्थानिक नाव मथळ्यात, सर्वपरिचित नाव खाली. विदर्भातल्या पुस्तकात सांबारवडी छापली की पुण्याच्या वाचकाला ती कोथिंबिरीची आहे हे सांगावं लागतं. तेवढी एक ओळ द्या, मथळा बदलू नका. पुस्तकाच्या शेवटी सूची दोन तऱ्हांची असावी, पदार्थाची आणि मुख्य साहित्याची. भाजीवाल्याकडून कर्टोली घेऊन आलेला माणूस ‘क’ उघडतो, त्याला तिथे सापडलं पाहिजे.

प्रस्तावनेचा परिच्छेद प्रत्येक पदार्थाला लागतोच असं नाही. सांगण्यासारखं असेल तिथे दीड पान लिहा, नसेल तिथे थेट साहित्य. सगळ्या आज्यांना ‘सुगरण’ आणि सगळ्या चुलींना ‘मायेची ऊब’ चिकटवलीत की वाचक पान उलटतो.

परदेशी राहणारा मराठी वाचक या पुस्तकांचा मोठा गिऱ्हाईक आहे. त्याच्यासाठी वेगळं प्रकरण नको. ग्रॅम-मिली दिलेच आहेत, भांड्याचा व्यास सेंटिमीटरमध्ये द्या, गोठवलेलं ओलं खोबरं किंवा सुकं कोकम चालतं का ते सांगा, आणि विजेच्या शेगडीवर खापरावरचे मांडे होणार नाहीत हे सरळ सांगून टाका.

हक्क, करार, छपाई

पदार्थाची कल्पना, साहित्याची यादी, करायची पद्धत यांवर कुणाची मालकी नसते. १९५७ च्या कॉपीराइट कायद्याचं संरक्षण तुमच्या शब्दांना, मांडणीला, फोटोंना मिळतं, आणि लिखाणाचं संरक्षण लेखकाच्या मृत्यूनंतर ६० वर्षं टिकतं. याची दुसरी बाजू अशी की दुसऱ्याच्या पुस्तकातलं किंवा मोबाईलवर फिरत आलेलं लिखाण उचलणं ही चोरीच, शेवटी दोन चमचे साखर वाढवली तरी. तुम्ही नोकरीत असाल आणि पाककृती लिहून ठेवणं हा कामाचा भाग असेल, तर वेगळा करार नसल्यास त्या लिखाणाचा पहिला हक्क मालकाचा ठरतो. पुस्तकाचं काम हॉटेलच्या वेळेत, हॉटेलच्या संगणकावर करू नका.

प्रकाशकाशी करार लेखीच हवा, दोन्ही बाजूंच्या सह्यांचा. त्यात मुदत लिहिलेली नसेल तर कायद्याने ती ५ वर्षं धरली जाते, प्रदेश लिहिलेला नसेल तर भारत. पण गृहीतकांवर सोडू नका. ई-पुस्तक, ध्वनी, अनुवाद आणि चित्रफीत हे हक्क एकेक करून लिहून घ्या; ‘सर्व हक्क प्रकाशकाकडे’ या एका ओळीवर सही केलीत तर उद्या कुणी तुमच्या पुस्तकावर मालिका काढली तरी तुम्ही घरी बसून बघाल. दुसरी आवृत्ती काढण्याआधी दुरुस्त्या करायची संधी मिळेल, असंही कलम घाला.

स्वतः छापायचं ठरवलंत तर आयएसबीएन (पुस्तकाचा आंतरराष्ट्रीय ओळख) क्रमांक राजा राममोहन रॉय राष्ट्रीय संस्थेकडून ऑनलाइन आणि विनाशुल्क मिळतो. छापल्यावर १९५४ च्या कायद्यानुसार कोलकात्याच्या राष्ट्रीय ग्रंथालयाला आणि इतर ठरलेल्या ग्रंथालयांना प्रती पाठवायच्या असतात. पानं १६ च्या फॉर्ममध्ये (एकत्र छापून दुमडलेल्या गठ्ठ्यात) बेतली तर कागद वाया जात नाही, म्हणून १९२ पानं करा, १९५ नको. बांधणी शिवलेली घ्या, नुसती चिकटवलेली नको. ओट्यावर उघडं राहत नाही ते पाककृतीचं पुस्तक कपाटात जातं. सगळी पानं रंगीत करायची ऐपत नसेल तर एक-दोन फॉर्म चांगल्या कागदावर रंगीत आणि बाकी एकरंगी. अर्धवट रंगीत छपाईपेक्षा ते बरं दिसतं.

पैशाचं

गणित सरळ मांडतो. पुस्तकाची किंमत ४०० रुपये, मानधन विक्रीच्या १० टक्के धरलं तर प्रतीमागे ४० रुपये. हजार प्रतींची आवृत्ती पूर्ण खपली तर हातात ४०,०००. त्यात वर्षभराचा प्रवास, साहित्य, मावशींचं मानधन, छायाचित्रकार, चाचणीचे किराणे. पुस्तकावर घर चालत नाही. पुस्तकामुळे जी कामं येतात त्यांवर चालू शकतं.

म्हणून पुस्तक लिहीत असतानाच ती कामं सुरू करा. वृत्तपत्रांच्या पुरवण्यांत महिन्याला एक लेख हे पहिलं. दिवाळी अंक हे दुसरं. संपादकांची जुळवाजुळव पावसाळ्यातच सुरू होते, तेव्हा जून-जुलैत विषय कळवा, गणपतीत कळवून जागा मिळत नाही. हॉटेलं प्रादेशिक खाद्यमहोत्सव भरवतात तिथे सल्लागार म्हणून जा, आणि जिच्या हाताखाली शिकलात त्या मावशींना सोबत न्या, मानधन ठरवून. मसाला कंपन्या आणि कृषी पर्यटन केंद्रांना प्रमाणबद्ध पाककृती लागतात. गावाकडच्या केंद्राला पाहुण्यांसाठी स्थानिक जेवणाचं ताट बसवून देणं हे तर तुमच्या शिवेतलंच काम. कार्यशाळा घ्या, पण एका वेळी एकच पदार्थ शिकवा. स्वतःचा मसाला विकायचा झाला तर एफएसएसएआयची (केंद्राच्या अन्नसुरक्षा प्राधिकरणाची) नोंदणी आणि वेष्टनावरचे नियम आधी, जाहिरात नंतर. हे सगळं जमेपर्यंत स्वयंपाकघरातली नोकरी सोडू नका. पाळी सकाळची मागून घ्या, म्हणजे दुपार वहीला मिळेल.

पुस्तक बाजारात आल्यावर एक वेगळी वही उघडा. वाचक फोन करतात, निरोप पाठवतात: वड्या सुटल्या, पिठी पातळ झाली, आमच्या गावात यात आमसूल घालत नाहीत. पाककृतीच्या नावापुढे ते सगळं तारखेसह लिहीत जा. एकाच ठिकाणी तीन-चार जणांची तक्रार आली की ती पाककृती पुन्हा काट्यावर चढवा आणि प्रकाशकाला दुरुस्तीची फाईल पाठवा, आवृत्ती संपायची वाट न बघता. गावाचं म्हणणं वेगळं असेल तर पुढच्या थंडीत त्या गावाची एसटी पकडा.